अण्णांच्या घाटाला अपडेट नको

७ जुलै, सोमवार
पहिली शिफ्ट करून उरवड्याच्या कारखान्यातून आले, कॉम्प्युटर लावला. अण्णांच्या बसच्या गेमखाली निळी ओळ. अपडेट आलंय, साडेचार जीबी. मॅपवाल्याने, म्हणजे ज्या पोराने या गेमसाठी आपला घाट बनवलाय त्याने, ग्रुपवर परवाच लिहिलं होतं, नवं व्हर्जन घेऊ नका, ताम्हिणीचा मॅप उघडणार नाही. दुरुस्त कधी करणार? तर "परीक्षा संपली की बघतो." याची परीक्षा कधी संपते कोण जाणे.

बाकीचे लोक दुसरा मॅप घेतील. अण्णांना दुसरा चालत नाही. सत्तावीस वर्षं त्यांनी त्या घाटातून एसटीची लाल गाडी चालवली. जानेवारीत झटका आला, उजवी बाजू लुळी पडली. फिजिओच्या मॅडमनी दिलेला रबरी चेंडू त्यांनी पहिल्याच दिवशी अंगणात फेकला, तोही डाव्या हाताने. कारखान्यातल्या एकाकडून गेमचं जुनं स्टिअरिंगचं चाक आणून जोडलं आणि हा मॅप टाकला, तेव्हा कुठे माणूस खुर्चीत बसला. घाट गेला तर हात गेला, असं माझं साधं गणित आहे.

८ जुलै, मंगळ
सेटिंग उलटंपालटं करून पाहिलं. तीन पर्याय. नेहमी अपडेट करा. गेम सुरू करताना करा. सगळ्यांच्या आधी करा. "करूच नका" हा पर्यायच नाही. म्हणजे नको म्हणायची सोयच ठेवलेली नाही लोकांनी. मधला निवडला, आणि सगळं ऑफलाइन टाकलं. ऑफलाइन असलं की तो विचारत नाही, जुनंच गपगुमान चालू करतो. अपडेटची वेळ पण ठरवता येते, ती पहाटे तीन ते चार टाकली. तेव्हा कॉम्प्युटरचा मेन स्विच बंद असतो.

अण्णांनी चारला गाडी काढली. खाकी शर्ट घातल्याशिवाय बसत नाहीत, बटणं आई लावते. आईने पेल्यावर चमचा दोनदा वाजवला की मगच गिअर. एकदा तिने एकच वाजवला तर तसेच थांबून राहिले. "एक घंटी म्हंजी थांबा," म्हणाले. आज डोंगरवाडीच्या पुढच्या वळणाला उजवा हात चाकावरून सुटला नाही. मी मोजत होते, एकदाही नाही.

१० जुलै, गुरु
गुरुवार म्हणून वाडीत दिवसभर लाईट नाही. आज काही अपडेट होऊ शकत नाही, त्यामुळे इतक्या दिवसांत प्रथमच कामात नीट लक्ष लागलं. स्टोअरमध्ये साहेब म्हणाले, आज तब्येत बरी दिसते.

अर्धी रजा टाकून अण्णांना पौडला मॅडमकडे नेलं. मूठ आता निम्मी उघडते. मॅडम खूश. मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "काय करताय ते सोडू नका. आता चार-आठ दिवस जरी खंड पडला तरी बोटं परत आखडतील." हे त्यांनी मला कशाला सांगितलं. आता तेच डोक्यात फिरतंय.

एकेक बोट सुटं अजून हलत नाही. चाक फिरतं ते खांद्याने आणि तळव्याने.

१२ जुलै, शनि
आज थोडक्यात वाचलो.

शेजारचे शांतारामकाका नेहमीप्रमाणे अण्णांशी बोलायला आले, फोनवर भजन लावून. मी चहा टाकत होते. अण्णांनी गेम सुरू केला, सहज स्क्रीनकडे नजर गेली तर अपडेटची हिरवी पट्टी पळतेय. दोन टक्के. मी चहा तसाच टाकून धावले आणि वायरच उपटली.

दोन चुका, एक माझी आणि एक अख्ख्या वाडीची. काल मी ग्रुप बघायला ऑनलाइन गेले होते आणि परत ऑफलाइन टाकायला विसरले. हे माझं. वाडीचं असं की आमच्याकडे रेंज एखाद्याच फोनला असते, म्हणून पौडच्या मोबाइलवाल्याने सगळ्यांच्या हॉटस्पॉटला एकच नाव आणि एकच पासवर्ड टाकून दिलाय. ज्याला रेंज त्याच्यावर बाकीचे चालतात. तेव्हा किती हुशारी वाटली होती. आता वाडीतला कोणीही फोन घेऊन दारातून गेला की आमचा कॉम्प्युटर आपणहून त्याला चिकटतो.

"मी काय केलं गं?" काका.
"काही नाही, काका. चहा घ्या."
चहा करपला होता.

१३ जुलै, रवि
कॉम्प्युटरमधून वाडीचं नेट काढून टाकलं. आईला सांगितलं, चार वाजता कोणी आलं तर फोन बाहेर ठेवायला सांग. तिने ते फारच मनावर घेतलं. काकांना म्हणाली, "चपला आन् फोन दोन्ही भाईर. ह्यांची गाडी घाटात हाय."
काका ओसरीवर बसून राहिले. बरं नाही वाटलं.

१५ जुलै, मंगळ
काकांच्या पीकविम्याच्या अर्जाची मुदत संपत आलीय. परवापासून बाहेर बसवलेल्या माणसाला नाही कसं म्हणणार. त्यांच्याच फोनचं नेट कॉम्प्युटरला जोडून अर्ज भरला. मुलाने त्यांना हवं तेवढं नेट मिळेल असं पॅक मारून दिलंय. फॉर्म गेला, पावती निघाली. उद्या पहिली शिफ्ट, लवकर झोपते.

१६ जुलै, बुध
लिहवत नाही पण लिहिते.

ओव्हरटाइम करून सहाला घरी आले तर अण्णा चाकासमोर, खाकी शर्टात. स्क्रीन काळी. मध्ये इंग्रजीत दोन ओळी, मॅप सापडत नाही.

नेट काढायचं काल मी विसरले. अर्ज गेल्याच्या आनंदात उठले ती उठलेच. आज दुपारी आईच काकांना आत घेऊन आली, "पोरीनंच काल आत बसवलं की" म्हणून. फोन खिडकीत, भजन चालू. कॉम्प्युटरने विचारलं, नेट मिळालंय, ऑनलाइन यायचं का? खाली एकच मोठं बटण. आईकडून काढून घेतलं ते असं.
"ते म्हनले, डेपोची नोटीस आलीया."
"मग?"
"मग काय. नोटीस आली तर सही नको करायला? त्यांनी डाव्या हातानं दाबलं."

सत्तावीस वर्षं डेपोत फळ्यावर नोटीस लागली की ड्रायव्हरने वाचली न वाचली, सही करायची आणि गाडी काढायची. सही केली नाही तर मेमो. अण्णांना एकही मेमो नाही, ते अजून सांगतात. त्यांनी सही केली आणि मग नेहमीसारखा गेम सुरू केला. आणि मीच तर पर्याय टाकला होता, गेम सुरू करताना अपडेट करा. पावणेदोन तास पट्टी भरेपर्यंत ते समोर बसून होते. गाडी गॅरेजला गेलीय असं त्यांना वाटलं असेल.

आईवर ओरडले. काकांवर ओरडले नाही, पण त्यांच्याकडे बघितलं तसं बघायला नको होतं. ओरडायला पाहिजे होतं स्वतःवर.

"काय झालं?" अण्णांनी विचारलं.
तोंडातून निघून गेलं, "घाटात दरड पडलीय, अण्णा. रस्ता बंद आहे."
त्यांनी स्क्रीनकडे बघितलं. "उघडल," म्हणाले.

१७ जुलै, गुरु
लाईट नाही. मॅपवाल्याला मेसेज टाकला. त्याने अजून पाहिला नाही.
अण्णांनी सकाळीच विचारलं, "उघडला का?"
"नाही अजून. काम चालू आहे."
चारला शर्ट मागितला नाही.

१८ जुलै, शुक्र
गेमबरोबर येतो तो परदेशी मॅप लावून दिला, म्हटलं निदान चाक तरी फिरेल. अण्णांनी दोन मिनिटं चालवून हात काढला. "समदी उलट्या अंगानं चालत्यात. मी न्हाई चालवत हितं."
उजवा हात मांडीवर, वर टॉवेल. टॉवेलखाली आवळलेली मूठ असते, मला माहीत आहे. मी उघडायला गेले तर त्यांनी हात ओढून घेतला. निदान ओढला तरी, असं मनाशी म्हटलं. एवढ्यावर समाधान मानायची वेळ आलीय.
खोटं बोलल्याचं पण टोचतंय. लहान मुलाला सांगावं तसं सांगितलं मी त्यांना.

१९ जुलै, शनि
मॅपवाल्याचं उत्तर आलं. एवढं सोपं होतं? गेमच्या नावावर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, तिथे बीटा म्हणून एक पान आहे. त्यात जुनी व्हर्जन्स ओळीने मांडलेली असतात. आपलं निवडायचं, तो जुन्याच्या फाइली परत उतरवतो. "बहुतेक चालेल ताई. पण नव्या व्हर्जनमध्ये सेव्ह झालं असेल तर नाही चालणार." झालंय की नाही मला काय माहीत? त्या पावणेदोन तासांनंतर अण्णांनी काय काय दाबलं कोण सांगणार, आणि काल तो परदेशी मॅप तर मीच लावून दिला.
ते "बहुतेक" आज किती वेळा वाचलं.

पण आधी उतरवायला नेट पाहिजे. म्हणजे काकांकडे जायला पाहिजे.

२० जुलै, रवि
गेले. सॉरी म्हणाले. काका म्हणाले, "आगं त्यात काय. फोन न्हे की." वर स्वतःच घेऊन आले आणि खिडकीत ठेवून बसले, आज भजनाशिवाय. कोणी फोन केला तर नेट तुटेल, म्हणून आलेला फोन लगेच कापायला.

पाऊस धरून आहे, रेंज येते-जाते. अकराला नऊ टक्के, एकला एकतीस, मग तासभर एकतीसच. मी दर पाच मिनिटांनी उठून बघत होते. आई म्हणाली, "बघून बघून वाढतंय व्हय ते?"

दुपारी आई आणि काका ओसरीवर गेल्यावर अण्णा हळूच म्हणाले,
"मने, दरड न्हाई पडली."
मी त्यांच्याकडे वळले.
"मीच सही केली. न वाचता." मग म्हणाले, "आर्डर समजंना तर इचारायचं. तेवडं बी केलं न्हाई."
मला रडू आलं. म्हटलं, "अण्णा, नेट मी चालू ठेवलं होतं. तुमची चूक नाही."
"मग खोटं कशापाई बोललीस?"
"तुम्हाला वाईट वाटेल म्हणून."
"वाईट वाटलंच की. चार दिस मला वाटतंय, आता ही मला खोटंच सांगनार समदं. हाताचं बी."
हे मी कधीच विसरणार नाही. हाताचं विचारलं त्यांनी, मॅडम खरंच काय म्हणाल्या ते. सगळं सांगितलं, बोटं आखडतील ते पण. ऐकून घेतलं. टॉवेल स्वतःच बाजूला केला. मूठ पाहिली मी. दहा तारखेपेक्षा वाईट आहे.
संध्याकाळी चौऱ्याऐंशी टक्के.

२१ जुलै, सोम
आज रजा टाकली. साडेदहाला शंभर टक्के झाले. नेट काढलं, दोनदा तपासलं. ऑफलाइन टाकलं, तीनदा तपासलं. व्हर्जनचा नंबर जुना दिसतोय. मॅपची फाइल जागेवर आहे. माऊसचा बाण हिरव्या बटणावर आणून ठेवलाय, आता फक्त दाबायचं.

मला दाबवेना. परत काळी स्क्रीन आली तर पुढे माझ्याकडे काही नाही. न दाबता दहा मिनिटं गेली.

"दाब की," अण्णा.
"दाबते."
"भितीस व्हय?"
"व्हय."
"सर बाजूला."

मी सरकले. त्यांनी डाव्या हाताने उजवा हात उचलला आणि माऊसवर ठेवला. मला वाटलं, आता डाव्यानेच दाबतील. त्यांनी डावा काढून घेतला, खुर्चीच्या दांडीला धरला. पहिलं बोट आखडलेलं होतं, तळवा माऊसवर घासत घासत ते थोडं सरळ केलं. आता ते माऊसच्या बटणावर आहे.

आई दारात, हाताला पीठ. मध्येच तिने पाऊल उचललं तर अण्णा म्हणाले, "थांब." मला पण म्हणाले.

कपाळावर घाम आलाय त्यांच्या. बोटाचं पेर सुटं हलतंय, दाबलं जात नाही, परत हलतंय. मी वही मांडीवर घेतलीय आणि हे लिहितेय, कारण लिहीत राहिले नाही तर माझाच हात जाईल त्या बटणाकडे.