दुसरा हशा

रवि., २ फेब्रु., सायं. ६.४०
वेळ लिहून ठेवते. भालकीच्या आमच्या ज्येष्ठ नागरिक संघाचं संमेलन, माझा विनोद ऐन रंगात, आणि सचिव शिवराजअप्पांनी माझ्या हातातून माइक काढून घेतला. वर म्हणतात, "बाई विसरल्या. टाळ्या होऊ द्या." झाल्या टाळ्या. नापास पोराच्या पाठीवर थोपटतात तशा.
मी विसरले नव्हते. थांबले होते.

सोम., ३
राग उतरेना. विनोद साधाच. मुलगी बघायला पाहुणे आलेत. मुलीची आजी विचारते, घरात काय बोलता? मुलाची आई सांगते, घरात मराठी, बाजारात कन्नड. आजी : "आन् भांडता कशात?" इथे आधी उजवीकडचे मराठीवाले हसतात. शेजारणीने कानात कन्नडमध्ये सांगितलं की मग डावीकडचे. तो दुसरा हशा येईपर्यंत थांबायचं, नाहीतर शेवटचं वाक्य त्यात बुडतं. मग इतका वेळ गप्प बसलेला मुलाचा बाप : "ठाव न्हाई. माझी पाळीच आली न्हाई अजून."
निंबर्ग्यापर्यंत जाऊन हा असाच सांगितलाय. अप्पांना थांबणं काय कळणार! त्यांचं प्रास्ताविक ऐकलेल्यांना विचारा.

गुरु., ६
अप्पांचा फोन. २३ ला कमलनगरला कार्यक्रम. "बाई, तुमी दिवा लावा. जोक दुसरं कुणीबी सांगंल. कामून तरास घेता?"
"आणि काडी ओढायचं विसरले तर?"
हसले नाहीत. "न्हाई, न्हाई, तसं न्हाई," म्हणाले. इतक्या हळू आवाजात ते माझ्याशी कधी बोलत नाहीत.

रवि., ९
शेजारची शांतक्का शेंगा सोलायला आली. डावीकडच्या बायकांना कन्नडमध्ये सांगणारी हीच. म्हटलं, तूच सांग, मी थांबले होते की नाही?
ती शेंगांकडे बघत म्हणाली, "हशा यिऊन गेल्ता, बाई. मीच की हासले सगळ्यात मोठ्यानं. तुमी माझ्याकडंच बघत हुता."
"मग?"
"मग काय. बघतच हुता."
खोटारडी. पण शांतक्का खोटं कामून बोलेल?

मंगळ., ११
तो हशा मला ऐकूच आला नाही.
कान असतील. देवा, कानच असू देत.
माझी ताई आधी गोष्टींचे शेवट विसरू लागली. सगळे म्हणायचे, थकलीय. मग आमची नावं

शुक्र., १४
खोलीत रिकाम्या खुर्च्या मांडून उभी राहिले. "आन् भांडता कशात?" इथवर नीट. मग थांबले. वाक्य आलं. परत केलं, आलं. पण दर वेळी थांबताना बोटांवर आकडे मोजते. पूर्वी थांबायचीच तर मजा होती.

रवि., १६
पत्र उद्या पाठवणार. मसुदा :
अप्पा, वाक्य पूर्ण झाल्याशिवाय बसायचं नाही, असं बीदरच्या कॉन्व्हेंटात सिस्टरांनी शिकवलं. तुम्ही मला अर्ध्यावर बसवलंत. एकच विचारते. माइक घेतलात तो डावीकडचे हसण्याआधी, की नंतर? आधी घेतला असेल, तर कमलनगरला विनोदासाठी माझं नाव परत घाला आणि मंचावरून माफी मागा. नंतर घेतला असेल, तर मी किती वेळ तशी उभी होते तेही लिहा. फोन नको, फोनवर तुम्ही हल्ली गोड बोलता. शांतक्काच्या हातीही निरोप नको. उत्तर लेखी, तुमच्या सहीचं, शनिवार २२ फेब्रुवारी, दुपारी चारच्या आत मला मिळालं पाहिजे.