पडद्यावरची नावं

पोट्सडॅम, मार्च १९५२

प्रिय ओटिलीताई,

तुझे गुडघे कसे आहेत? मी बरा आहे. सध्या स्टुडिओत जात नाही, विश्रांती चालू आहे.

मी दिग्दर्शित केलेला पहिला मूकपट थिएटरात पुन्हा लागलाय. त्याआधी स्टुडिओचे नवे कम्युनिस्ट साहेब म्हणाले, “कॅमेरामन इसिडोरचं नाव काढा. तो अमेरिकेत राहतो.” हिटलरच्या काळात जुन्या साहेबांनीही, तो ज्यू म्हणून, हेच सांगितलं होतं. तेव्हा मी नकार दिला आणि युद्ध संपेपर्यंत घरी बसलो.

या वेळी म्हणालो, “मग माझंही काढा.”

त्यांनी दोन्ही काढली.

काल तिकीट काढून पाहायला गेलो. शेजारच्या बाईंनी डोळे पुसत विचारलं, “कुणी केलाय हो हा?”

“इसिडोरनं आणि मी,” म्हणालो.

काळजी करू नकोस.

तुझा धाकटा,
राइनहोल्ड