जामीनदारास जामीनदार मिळण्याबाबत

प्रति,
मा. सहायक निबंधक साहेब,
सहकारी संस्था, मलकापूर.

अर्जदार : निवृत्ती रंगराव नाफडे, धंदा शिवणकाम,
राहणार धामणगाव बढे, तालुका मलकापूर, जिल्हा बुलडाणा.

विषय : जप्त झालेली शिलाई मशीन परत मिळण्याबाबत.
संदर्भ : गावच्या पतपेढीची जप्तीची नोटीस.

महोदय,

१. अर्जदाराचा बालमित्र इंद्रभान सुरडकर हा ढोल चांगला वाजवतो. त्यापलीकडे त्याच्यात काही चांगले आहे असे अर्जदाराने कोणासही कधी लिहून दिले नव्हते. दोन वर्षांपूर्वी ते लिहून दिले. इंद्रभानला बँड काढायचा होता, पतपेढी कर्ज देण्यास तयार होती, परंतु ऐपतदार जामीनदार हवा होता. इंद्रभान दुकानात येऊन म्हणाला, "निवृत्ती, गावात तुह्याएवढा वजनदार मानूस मले तं दिसून नाही राह्यला." अर्जदाराचे वजन त्या वेळी सव्वा मण होते. तरीही त्यास ते पटले.

२. अर्जदाराच्या आयुष्यात त्यास 'ऐपतदार' म्हणणारा हा पहिलाच प्रसंग. तो लग्नातला कोट घालून पतपेढीत गेला व नावाखाली दोन रेघा ओढून झोकदार सही केली. लग्नपत्रिकेत खाली 'आपले विनीत' म्हणून पाचपंचवीस नावे असतात, त्यांना जेवणावळीचा खर्च कोणी मागत नाही. जामीनदाराचे नावही तसेच शोभेसाठी असते, अशी त्याची प्रामाणिक समजूत होती. शिवाय बँडवाल्यांचे लाल कोट, सोनेरी फितीसह, त्यानेच उधारीवर शिवून दिले. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. अर्जदाराने वर त्यास फीतही लावली.

३. पहिली लग्नसराई बरी गेली. दुसऱ्या वर्षी शेगावच्या एका बँडने जास्त मजुरी कबूल केली, तेव्हा बाजेवाले अंगावरच्या कोटांसह व हातातल्या वाद्यांसह तिकडे गेले. इंद्रभानजवळ मोठा ढोल तेवढा उरला, कारण तो पळवून नेण्याइतका हलका नव्हता. नुसत्या ढोलावर नवरदेव कोणी मिरवत नाही. हप्ते थांबले.

४. नोटीस इंद्रभानला येईल म्हणून अर्जदार त्याची समजूत घालण्याची तयारी करत होता. नोटीस अर्जदारास आली. तो तडक पतपेढीचे चिटणीस फारुखसाहेब यांच्याकडे गेला व म्हणाला, "कर्ज त्यानं घेतलं, मले काऊन?" फारुखसाहेबांनी चहा मागवला आणि समजावले, "निवृत्तीभाऊ, कायद्यात तुमी दोघं सारखेच. आधी त्याले धरा, मंग मले, असं नाही चालत. त्याच्यापाशी काय हाये? ढोल. तुमच्यापाशी मशीन हाये." म्हणजे अर्जदार खरोखरच ऐपतदार ठरला. हे त्यास तेव्हा प्रथम कळले.

५. जप्तीच्या दिवशी पतपेढीच्या शिपायाची कंबर धरली होती. मशीन बैलगाडीत चढवण्यास दुसरा माणूस मिळेना. तेव्हा जमलेल्या गर्दीतून इंद्रभान पुढे झाला व त्याने एक बाजू उचलली. दुसरी अर्जदाराने. "हळू धर बे, पाय मोडन तिचा," असे तो अर्जदारास म्हणाला आणि त्याच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहू लागले. पंचनाम्यात याची नोंद नाही. अर्जदाराची पत्नी कोकिळाबाई दारातून एवढेच म्हणाली, "दोघं मिळून काम छान करता."

६. तेव्हापासून अर्जदार हातसुईने गुंड्या लावतो व फाटके सांधतो. त्यात पोट भागत नाही, मग कर्ज कुठून फिटणार? आपली जबाबदारी तो नाकारत नाही. त्याचे म्हणणे एवढेच की, कारागिराचे अवजार जप्त करू नये असे मलकापूरच्या वकिलांनी सांगितले आहे, आणि मशीन मिळाल्यास तो शिवून शिवून सर्व रक्कम हप्त्यांनी फेडील. फेड पूर्ण झाल्यावर इंद्रभानकडून वसुलीचा हक्क अर्जदाराकडे येतो, असेही वकील म्हणाले. तो ढोल ठेवायचा कुठे, हे मात्र त्यांनी सांगितले नाही.

७. पतपेढी हप्ते पाडून देण्यास राजी आहे. परंतु हप्त्यांसाठी अर्जदाराने स्वतःचा एक जामीनदार द्यावा, असा ठराव झाला आहे. अर्जदार गावभर फिरला. ज्यांच्या तीन पिढ्यांचे कपडे त्याने शिवले, ते त्यास पाहताच मागल्या दाराने शेतात जाऊ लागले. त्यांचे चुकले असे अर्जदार म्हणत नाही.

८. आठवड्यानंतर इंद्रभान आपण होऊन आला. तो आता जळगाव जामोदच्या हबीब मास्तरांच्या बँडमध्ये रोजाने ढोल वाजवतो. "मी राहतो तुले जामीन," तो म्हणाला. अर्जदार अद्वातद्वा बोलला. ते शब्द येथे लिहिण्यासारखे नाहीत. इंद्रभानने ऐकून घेतले. मग त्याने जामीनखताचा कागद मागितला, ओट्यावर बसून बोट ठेवून अक्षर अक्षर लावत वाचला, अडला तेथे कोकिळाबाईस विचारले. 'कर्जदाराइतकाच जबाबदार' या ओळीवरून त्याने पुन्हा एकदा बोट फिरवले. "म्या तुले याच्यात टाकलं व्हय?" एवढेच बोलला आणि सही केली. हबीब मास्तरांकडची आजवरची सगळी मजुरी ओट्यावर ठेवून तो उठला. कोकिळाबाईने त्यास जेवून जायला सांगितले.

९. थकबाकीदारास जामीनदार होता येत नाही, असे फारुखसाहेब म्हणतात. नियम बरोबर आहे. तरी अपवाद म्हणून इंद्रभानची सही मान्य करून मशीन परत देण्याचा हुकूम व्हावा, ही हात जोडून विनंती. तो बुडवा आहे, हे अर्जदारास पुरते ठाऊक आहे. पण सगळ्या गावात अर्जदारावर विश्वास ठेवणारा तोच एक निघाला.

धामणगाव बढे,
दिनांक ४ डिसेंबर १९६८

आपल्या हुकमाची वाट पाहणारा नम्र,
निवृत्ती रंगराव नाफडे
(सही साधी केली आहे, ओळखावी.)

सोबत :
१) जप्तीच्या पंचनाम्याची नक्कल.
२) इंद्रभान सुरडकर याने सही केलेले जामीनखत.
३) त्याने दिलेली रक्कम पतपेढीत भरल्याची पावती.