एकेक वस्तू काढत चालणे

१२ एप्रिल १९८४
आज पुन्हा फसलं! डांबर निघालं, विजेचे खांब निघाले, शाळेवरचे पत्रेसुद्धा निघाले — आणि नेमका मागून एसटीचा हॉर्न. सगळं परत जाग्यावर!

१३ एप्रिल
रीत लिहून ठेवतो, नाहीतर मीच विसरून जाईन. मागच्या साली चिमूरकडे भटकत होतो, तेव्हा विहारात भंतेजींनी चंक्रमण, म्हणजे चालता चालता ध्यान, शिकवलं. पाय उचलला की उचलला हे कळलं पाहिजे, टेकला की टेकला. बस. मी त्यात माझी भर घातली. पाय उचलताना आजूबाजूची एक नवी वस्तू मनातून काढायची. टेकवताना तिची मोकळी जागा पाहायची. घाई नाही. सगळं नवं निघून गेलं की खाली जुना दिवस उरतो, आणि आपण त्यात.

भंतेजी हसले होते. "बाबू, चंक्रमण इथीच राहाले असते. इथून पयून जाले नाई!"

मला एकच दिवस पाहिजे. आई मोहफुलं वेचायला गेली तो. मी तिच्या मागं मागं बराच गेलो, मग तिनं मला परत पाठवलं. तिची पाठ आठवते, टाचा आठवतात, हिरवं लुगडं. तोंड आठवत नाही. घरात फोटो नाही. "वाघानं नेली," बाप म्हणायचा. एकदा तिचं तोंड पाहायचंय. मग काही नको.

१७ एप्रिल
चाललोच नाही. वाटेत शेजारचा कोलूभाऊ चारोळीची चारं तोडत होता. मीही झाडावर चढलो, पोटभर खाल्ली, तोंड काळं. दिवस तिथंच संपला.

२० एप्रिल
लोक हसतात. पानठेल्यावरचा मुखरू ओरडला, "काऊन बे, पायात काटा रुतला का बायको हरपली? खाली पाहून काय ढुंढून राह्यला?"

बायको! बाप गेल्यापासून घरात मी एकटा. एकट्यासाठी चूल पेटवायचा कंटाळा येतो. फुटाणे खाल्ले, झोपलो.

२४ एप्रिल
जमलं!

सकाळी निघालो. डांबर, खांब, फॉरेस्टची पाटी, सागाची नवी लागवड — एकेक करून निघालं. बैलगाडीच्या चाकोऱ्या उरल्या. मोहाचा वास. आणि पुढं ती! पाठ. डोक्यावर टोपली. हाक मारली नाही, मोडेल म्हणून.

आमच्याकडे वाघानं माणूस मारला की त्या जागी दगडांचा ढीग होतो, येणाराजाणारा एक दगड टाकतो. वाटेवरचा तो ढीग आईचा. लहानपणापासून मी टाकत आलोय. पण ती ढिगापाशी थांबलीच नाही! डावीकडे उतरली, नदीच्या वाटेला. तिकडे तर मोहाचं एकही झाड नाही.

तोंड आजही दिसलं नाही.

२५ एप्रिल
रंभाकाकीकडे गेलो. ती आणि आई तेव्हा सोबतच मोहाला जायच्या. काकी तांदूळ पाखडत होती. म्हटलं, आई नदीकडे काऊन गेलती?

सूप थांबलं. "तुले कोनं सांगतलं?"

"कोनी नाई. मी पाह्यलं."

"काय पाहशीन तू? एवढासा तर होता!"

पण मग सांगत गेली. ढीग आईचा नाहीच. तो त्याच्याही आधीचा, कोण्या गुराख्याचा. आई नावेनं गेली, पुढं सिरोंच्याला. एकटीच.

"मंग वाघ?"

"होता ना वाघ. पन घरात होता." काकी सुपाकडे पाहत म्हणाली. "अर्ध्या रात्री माह्या घरी पयत ये बिचारी, तोंड सुजवून. तुह्या बापानं वाघाचं सांगतलं. गावानं ऐकून घेतलं."

बाप त्या ढिगावर कधीच दगड टाकत नव्हता. मला वाटायचं, आपण बौद्ध, असलं मानत नाही म्हणून!

"मले काऊन नाई नेलं?"

"ते तिलेच इचार. गेल्या साली सिरोंच्याच्या बाजारात भेटली मले. बस स्टँडामागं चहा इकते."

घरी आलो. आज चाललो नाही. कुठं चालणार?

२७ एप्रिल
सिरोंच्याच्या बसमध्ये. खिडकीतून सगळं नवं येत होतं. मी काहीच काढलं नाही.

२८ एप्रिल
तोंड पाहिलं. आणि ओळखलं नाही!

अर्धे केस पांढरे. पुढचा एक दात नाही. गिऱ्हाइकाशी तेलुगूत भांडते, मग त्याच्याचबरोबर खो खो हसते. मी ज्या बाईच्या मागं इतका चाललो ती ही नाही. ती तर तरणी होती. शेजारच्या दुकानात आईचं नाव दोनदा विचारून खात्री करून घेतली — अंजनाबाई. तीच.

"कोन पायजे?" तिनं विचारलं.

"कोनी नाई," मी म्हटलं. "काम पायजे."

"लाकडं फोडता येते?"

फोडली.

३ मे
रोज सकाळी ठरवतो, आज सांगायचं. रोज लाकडं फोडून होतात. मला भजी जास्त वाढते. पण ती सगळ्यांनाच जास्त वाढते, मी पाहिलंय.

६ मे
दुपारी गिऱ्हाईक नव्हतं. ती म्हणाली, "किती दिस राहशीन रे इथी? घरी जा. तुही माय वाट पाहत असन."

मी म्हटलं, "पाहते का?"

तिनं कढई खाली उतरवली. हात पुसले. माझ्यासमोर येऊन बसली आणि पहिल्यांदाच माझं नाव विचारलं.