पाळण्यातला वरवंटा

मी, श्रीमती सुलेखा अभय खांबेटे, वय सत्तर, राहणार वुडलँड्स, सिंगापूर, पूर्ण शुद्धीत आणि कोणाच्याही दडपणाशिवाय हे मृत्युपत्र लिहून ठेवते. याआधीचं काही सापडल्यास रद्द समजावं. हृदय पंधरा टक्के चालतं असं डॉक्टर म्हणतात. डोकं शंभर टक्के चालतं, आणि तोच जास्त त्रास आहे. वकिलांनी इंग्रजीत मसुदा दिला होता. छान होता, पण त्यात मी कुठेच नव्हते, म्हणून हा मराठीत.

१. या पत्राची अंमलबजावणी माझी मुलगी क्षिप्रा हिने करावी. फ्लॅट तिचा. तिचं इथेच बिशानला सरकारी घर आहे आणि अशी दोन ठेवता येत नाहीत, त्यामुळे नियमाप्रमाणे हा विकावा लागेल. विकावा, भिंतींना हात लावून रडत बसू नये. माझे पती कै. अभय यांची पान्या-पेचकसांची पेटी जावई रुचिर यांना. त्यांना खिळा ठोकता येत नाही, पण पेटी तरी घरात असावी.

२. देवांचा तक्ता नात मैत्रेयीला. बावीस वर्षं मी दर शनिवारी वाचनालयात मुलांना ग्रीक देवांच्या गोष्टी सांगितल्या. त्यासाठी जुन्या कॅलेंडरांच्या पाठी जोडून हा तक्ता केला होता: कोण कोणाचा बाप, कोणाची सावत्र आई, कुठला राक्षस कोणाचा भाऊ. तो पाहून मैत्रेयी आपल्या सिंगापुरी इंग्रजीत म्हणाली, "आजी, धिस फॅमिली सो टॉक्सिक लाह!" पोरीची नजर चांगली आहे.

तिसऱ्या ओळीतला जाड भुवयांचा तो क्रोनॉस. आपलंच पोर आपल्याला गादीवरून ओढणार, या धास्तीने तो पोरं जन्मली की गिळायचा. शेवटचं मूल झालं तेव्हा त्याच्या बायकोने, रीयाने, ते गुहेत लपवलं आणि बाळोत्यात गुंडाळलेला दगड नवऱ्याच्या हाती दिला. त्याने तोच गिळला. क्रोनॉसला मी गंमत म्हणून अभयच्या भुवया काढल्या होत्या. अभय हसला. अनीश, आमचा मुलगा, तेव्हा आठ वर्षांचा होता. तोही हसला.

३. पाटा आता कोणालाच नको असतो, तो क्षिप्राने टाकून द्यावा. वरवंटा ठेवावा. तो मी पुण्याहून हातातल्या बॅगेतून आणला. विमानतळावर तपासनीसाने विचारलं, "मॅडम, स्टोन फॉर व्हॉट?" अभय म्हणाला, "फॉर चटणी. अँड फॉर मी, इफ आय आर्ग्यू." अनीशच्या बारशाला रीतीप्रमाणे आधी या वरवंट्याला कुंची घालून पाळण्यात निजवलं, मग अनीशला. मैत्रिणी गोविंद घ्या, गोपाळ घ्या म्हणत होत्या. तेव्हा मला रीया आठवली नाही. पुढे आठवली.

४. हे कलम अनीशसाठी.

अनीश, तू सोळा वर्षांचा असताना इथल्या सक्तीच्या लष्करी सेवेच्या नोंदणीचं पत्र आलं. बाबा कामासाठी चार महिने ओमानला होते. तुला दमा होता. मी पत्र तांदळाच्या डब्यात दडवलं आणि तुला प्रणितामावशीकडे पुण्याला धाडलं. तू विचारलंस, "बाबांनी सांगितलं?" मी म्हटलं, "तुझे मार्क बघून त्यांना तू डोळ्यांसमोर नको आहेस." ते असं कधीही म्हणाले नव्हते. तू लगेच निघणं मला हवं होतं, आणि एवढं ऐकलं की तू जाशील हे मला माहीत होतं.

बाबा आले तोवर मुदत टळली होती. ते म्हणाले, "अजून बोलावू. चूक कबूल करू. दम्याच्या मुलांना कचेरीतलंच काम देतात गं." मी म्हटलं, बोलावलंत तर बाराव्या मजल्यावरून उडी टाकेन. "मग निदान त्याला खरं सांगतो," म्हणून त्यांनी फोन उचलला आणि परत ठेवला. "राहू दे. परक्या घरी पोराला आई तरी हवी."

नऊ वर्षं तू त्यांच्याशी बोलला नाहीस. ते गेले तेव्हा फोनवर मला विचारलंस, "आई, आता सुटल्यासारखं वाटतंय का गं?" मी हो म्हटलं.

राक्षसाच्या जागी मी चुकीचं तोंड काढलं होतं. अभयने जन्मात गिळलं ते एकच, मी हातात दिलेला दगड.

साथीची दोन वर्षं सोडली तर दर डिसेंबरला तू पुण्याहून मलेशियातल्या जोहोरला यायचास आणि पूल ओलांडून मी तुला तिथे भेटत आले. पंधरा वेळा. दर खेपेला बसमध्ये ठरवायची, आज सांगायचं. तू विचारायचास, गोळ्या घेतल्यास का, आणि मी गोळ्या घ्यायची. आता नाकातली नळी घेऊन पूल ओलांडणं होणार नाही.

५. अनीशने माझ्या अंत्यविधीला येऊ नये. लष्करी सेवा चुकवली म्हणून पासपोर्ट दाखवताच त्याला धरतील. बापाच्या वेळी आला नाही, पण माझ्यासाठी येईल, म्हणून दहन उरकेपर्यंत क्षिप्राने त्याला कळवू नये. अग्नी तिने द्यावा.

६. मेलेल्या माणसाच्या नावाने दहा दिवस जो दगड जपतात, तो जीवखडा म्हणून हाच वरवंटा घ्यावा. दहाव्या दिवशी तो माझ्या निळ्या साडीत गुंडाळून, सोबत या पत्राची प्रत ठेवून, क्षिप्राने बसने जोहोरला न्यावा आणि अनीशला तिथे बोलावून त्याच्या हातात द्यावा. पाण्यात सोडायचा की भिरकावून द्यायचा, त्याचं त्याने बघावं.

माफी मागत नाही. ती अभयची मागायची होती. तेव्हा रोज संध्याकाळी मी त्याच्यासमोर चहा ठेवत होते आणि तो पीत होता.

अनीश, हे वाचून होईल तेव्हा तुला तुझे बाबा परत मिळतील. ते जाऊन आठ वर्षं झाली.

वर लिहिलेलं सर्व माझं आहे, खाडाखोडीसकट.

सुलेखा अभय खांबेटे
वुडलँड्स, सिंगापूर
९ नोव्हेंबर २०२५

साक्षीदार (कायद्याप्रमाणे यांना या पत्रातून काही मिळत नाही, म्हणून लिंबाचं लोणचं दोघांना आजच दिलं आहे):

सुलेखाताईंनी आम्हा दोघांसमोर सही केली. मजकूर आम्ही वाचलेला नाही.

१. नीलिमा, शेजारीण
२. निशिकांत, शेजारी