पूजेची कॉइल

६ ऑक्टोबर १९९९, बुधवार

आजही कार्ड पंच केलं आणि मशीनपुढे हात बांधून बसले. तांब्याच्या तारेची कॉइल भरताना कधी पाठ दुखली नाही, बसून बसून मात्र मोडलीय. टूल डाऊनचा, या बसून करायच्या संपाचा, हा कितवा दिवस, मोजायचं सोडून दिलंय. युनियनचे अध्यक्ष भामरे सकाळी कंपनीतल्या सगळ्या शॉपमधून फिरले. रोजचंच सांगणं: कुणी मशीनला बोट लावायचं नाही. बोट लागलं की नवा करार विसरा, आणि आपलं वाइंडिंग कंत्राटदाराकडे गेलं समजा.

खरंय ते. हेल्पर बायकांना घरी पाठवलंच की. पुढचा नंबर आमचा.

गेटसमोर आज पण पांढरी जीप. आत कोण बसतं ते कुणाला माहीत नाही. सुटताना त्यातल्या एकाने माझ्याकडे बघून हात केला, ओळखीचा असल्यासारखा. सिडकोपर्यंत मागे वळून बघत आले. भित्री भागूबाई म्हणतील म्हणून कुणाला बोलले नाही.

८ ऑक्टो., शुक्र.

लेबर ऑफिसातली बैठक परत पुढे गेली. अधिकारी म्हणाले म्हणे, मुंबईत सरकार तर बनू दे, मग बघू. म्हणजे त्यांचे मंत्री ठरेपर्यंत आम्ही स्टुलावर.

शेजारच्या मशीनवरची सुलभा म्हणते, पोस्टमनची सायकल दिसली की ती दार लावून घेते. मीही घेते. चार्जशीट घरीच येते ना, रजिस्टर पोस्टाने. हे घरी नाहीत. लासलगावहून कांद्याची गाडी भरून सुरतेला गेलेत. घरात मी आणि सासूबाई. कडी दोनदा बघते.

१२ ऑक्टो., मंगळ.

दातार साहेबांनी केबिनमध्ये बोलावलं. पर्सोनेलचे साहेब. आजवर जिन्यात समोर आले तर भिंतीकडे बघायचे. आज खुर्ची काय, चहा काय. म्हणाले, वाइंडिंग बंद झालं तरी तुमच्यासारख्या जुन्या बायकांना आम्ही वाऱ्यावर सोडणार नाही, क्वालिटी खात्यात घेऊ. तुम्ही फक्त समजूतदारपणा दाखवा.

तिथंच नाही म्हणायचं होतं. तोंडातून निघालं, "घरी विचारते." चहा पण सगळा प्यायले, मेली मी.

बाहेर आले तर शॉपमधल्या सगळ्या माना माझ्याकडे. पगारातली चूक विचारायला गेले होते असं सांगितलं. फक्त सु.ला खरं सांगितलं. ती म्हणाली, भामरेंच्या कानावर घालून टाक. उद्या घालते.

१५ ऑक्टो., शुक्र.

नाही घातलं. धीरच होईना. फिटिंगमधल्या एकाने परवा दातार साहेबांच्या स्कूटरला धक्का मारून दिला, तर भा. त्याला सगळ्यांसमोर फितूर म्हणाले. आता त्याच्यासोबत कुणी डबा खात नाही. नुसता धक्का मारला त्याने. मी तर चहा प्यायलेय.

सोमवारी खंडेनवमी. कंपनी दर वर्षीसारखे नारळ-पेढे देणार आहे. घ्यायचे का नाही यावर बरीच वादावादी. शेवटी भा. म्हणाले, भांडण साहेबांशी आहे, मशीनशी नाही, पूजा करू. सगळ्यांना बरं वाटलं. मलाही.

१८ ऑक्टो., सोम. खंडेनवमी

अक्षर धड येत नाही. लिहिलं नाही तर डोकं फुटेल.

सकाळपासून मशीनं पुसली. झेंडूचे हार, हळदकुंकू, नारळ. दातार साहेब आरतीला उभे. दर वर्षीचा फोटोग्राफर पण होता. आरती झाली, सगळं रीतीप्रमाणे झालं. आणि रीतीप्रमाणेच माझा पाय पेडलवर गेला.

आमच्या शॉपची जुनी रीत. जुन्या फोरमनकाकांनी लावून दिलेली. हार घातलेलं मशीन गार ठेवायचं नाही. आरतीनंतर जिने तिने आपलं मशीन जरा फिरवायचं, तारेचे थोडे वेढे घ्यायचे आणि ती कॉइल दसऱ्याला घरच्या देव्हाऱ्यात ठेवायची. इतकी वर्षं केलं. आज डोक्यात संप नव्हताच, देवाशपथ. डोळे मिटलेले, बोटं तारेवर, पाय आपला आपण गेला.

त्या शांत शॉपमध्ये मशीन घुर्र करून उठलं. ते ऐकून पलीकडच्या रांगेत आणखी तिघींनी सुरू केलं. सवयच ती. सु.ने माझा दंड धरला, म्हणाली, "अगं, काय करतेस तू?" तेव्हा पाय उचलला. फोटो निघून गेला होता. दातार साहेब हसत होते. म्हणाले, "चला, सुरुवात झाली म्हणायची."

भा. धावत आले. संतापले की त्यांची नामपूरची बोली बाहेर येते. "हाई काय शे?" एवढंच म्हणाले आणि बघत राहिले. शिव्या घातल्या असत्या तर सुटले असते.

आता आठवतंय. टूल डाऊनपासून शॉपचा मेन स्विच बंद होता. आज चालू कसा? दिव्यांच्या माळांसाठी केला म्हणे. माळांसाठीच की…

कॉइल पर्समध्ये सापडली. कधी टाकली तेही आठवत नाही.

१९ ऑक्टो., मंगळ. दसरा

सोनं द्यायला निघाले. आमच्या गल्लीत कंपनीतल्या बऱ्याच जणी राहतात. कुणाचं दार लागलेलं, कुणी म्हणे अंघोळीला गेल्यात. सु.ने दार उघडलं, पण हात पुढे केला नाही. म्हणाली, "राहू दे गं. कुणी बघेल." आपट्याची पानं मुठीत धरून परत आले. ओट्याशी उभी राहून रडले.

सासूबाई सायखेड्याच्या, त्यांना संप-बिंप कळत नाही. म्हणाल्या, "मशीनीला कुंकू लावलं आन् फिरवलं नाय, आसं कुठं आसतं का? तू काय चोरी केली का?"

चोरी शब्द ऐकला मात्र, देव्हाऱ्यातली कॉइल उचलून तांदळाच्या डब्यात खुपसली. फोरमनकाका होते तोवर गेटवरचे डोळेझाक करायचे. काका यंदा रिटायर झाले. आता तांबं गेटबाहेर नेलं म्हणजे सरळ बडतर्फ. सणाचा दिवस म्हणून झडतीवाल्या बाईने काल पर्स बघितली नाही, एवढंच.

२० ऑक्टो., बुध.

नोटीस बोर्डावर फोटो. हार घातलेलं मशीन, मी, माझा हात तारेवर. खाली नोटीस: वाइंडिंगच्या कामगारांनी आपखुशीने काम सुरू केलं आहे, तेव्हा टूल डाऊन संपलं, यापुढे जो बसून राहील त्याच्यावर कारवाई. माझ्या एका पायापायी सगळ्यांच्या नोकऱ्या!

भा.ना गाठलं आणि सगळं सांगून टाकलं. केबिन, क्वालिटीची नोकरी, चहा. त्यांनी ऐकून घेतलं. म्हणाले, "सोमवारच्या आधी सांगितलं असतं तर मी छातीठोकपणे सांगितलं असतं, ही बाई आपली आहे. आता लोकांना काय सांगू, ताई?" ताई म्हणाले तरी.

२२ ऑक्टो., शुक्र.

माझं स्टूल कुणीतरी उचलून स्क्रॅपच्या पिंपाजवळ नेऊन ठेवलं. तिथंच बसले.

सकाळी गेटवर जीपमधला माणूस चक्क नावाने बोलला. "शोभाताई, गुरुवारी नीट बोला बरं का." गुरुवारी काय ते मला माहीतच नव्हतं. दुपारी कळलं. लेबर ऑफिसने मला जबाबाला बोलावलंय, काम सुरू झालं होतं की नव्हतं ते सांगायला. माझ्या आधी त्याला कसं कळलं? येताना रिक्षा केली. उतरले ती पण दोन गल्ल्या पुढे, घर दिसू नये म्हणून.

२५ ऑक्टो., सोम.

दातार साहेब म्हणतात, फक्त एवढंच सांगा, मी काम सुरू केलं. क्वालिटीचं पक्कं. नाही सांगितलं तर बाकीच्यांसारखं तुमचंही बघावं लागेल.

भा. म्हणतात, मशीन चाललंच नाही म्हणा. फोटोतून काय आवाज येतो का? पलीकडच्या रांगेतल्या त्या तिघी पण तेच म्हणतायत, आम्ही पेडलला पाय लावलाच नाही.

आणि खरं काय, तर मशीन चाललं, पण ते काम नव्हतं, पूजा होती. हे दोघांनाही नकोय. सरकारी माणसाला तर वेडीच वाटेन.

दाखवायला एकच गोष्ट आहे, ती कॉइल. मोजके वेढे, मध्ये इन्सुलेशनचा कागद नाही, टोकं तशीच लोंबकळतायत. लाइनवरचा कुणीही बघून सांगेल की हा माल नाही. पण ती टेबलावर ठेवली की दातार साहेब पहिलं विचारणार, ही बाहेर आली कशी? दाखवली तर बाकीच्या वाचतील आणि मी चोर. नाही दाखवली तर फोटोचंच खरं धरणार आणि सगळ्यांच्या नोकऱ्या जाणार.

२७ ऑक्टो., बुध.

हे आले. सगळं ऐकून म्हणाले, उद्या आजारी पड. मी म्हटलं, तसंच करते. खरंच तसं ठरवलं होतं.

संध्याकाळी मागच्या दाराने सु. आली. पदर डोक्यावरून घेतलेला, माझ्याकडे येताना दिसू नये म्हणून. तिने आधी देव्हाऱ्याकडे बघितलं. मग म्हणाली, "माझ्या देव्हाऱ्यात पण आहे गं. गेल्या वर्षीची, त्याच्या आधीची. सगळ्यांच्याच आहेत." मी म्हटलं, मग उद्या चल, सांग तसं. तर म्हणाली, "मी नाही येणार. माझी दोन पोरं शिकतायत." रागावले नाही. मी तिच्या जागी असते तर इथवर पण आले नसते.

जाताना तिने सोनं मागितलं. पानं वाळून गेली होती. दिली.

२८ ऑक्टो., गुरु.

आजारी पडले नाही. लेबर ऑफिसच्या बाकावर बसून लिहितेय. समोर दातार साहेब आणि त्यांचा वकील, या टोकाला भामरे. दोघंही मधूनमधून माझ्याकडे बघतात. तांदळाच्या डब्यातून काढलेली कॉइल पर्समध्ये रुमालात बांधलीय. काढणार का, विचारलं तर अजून सांगता येणार नाही.

जिन्यात सु. दिसतेय. येणार नाही म्हणाली होती. तिच्या मागे शॉपमधल्या आणखी दोघी. तिघींनी पर्स छातीशी घट्ट धरल्यात, माझ्यासारख्याच. माझ्याकडे कुणी बघत नाही. भामरेंनी साक्षीला बोलावलंय की दातार साहेबांनी, का आपणहून आल्यात, कळायला मार्ग नाही. पर्समध्ये काय आहे ते विचारायला जावं म्हणून उठले, तर शिपायाने माझं नाव पुकारलं.