नजीरचाचांच्या जिन्याचे दार

मी, अर्हम इंदरचंद छाजेड, वय सव्वीस, धंदा माहितीपट बनवणे, मूळ राहणार जामनेर, सध्या कबूतरबाज नजीरचाचांच्या गच्चीवरची खोली, देवपूर, धुळे, शुद्धीवर असताना व कोणी न सांगता हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. बुधवारी माझ्या हृदयाच्या झडपेचे ऑपरेशन आहे. काळजी नको, असे डॉक्टर म्हणाले. ते सगळ्यांनाच म्हणतात. मी बारावी नापास आहे, परंतु मजकुरात खाडाखोड नाही.

१. जामनेरचे घर व दुकान यांतील हक्क मी सोडतो. तो मी मागितलाही नव्हता. तरी वडिलांनी मुनीम मोतीलाल यांना पाठवून माझी सही दोनदा नेली.

२. कॅमेरा बहीण चेलना हिला. लेन्सवरचा ओरखडा वडिलांच्या हातचा आहे, तो तसाच राहू द्यावा.

३. मौत का कुवामध्ये गाडी चालवणारे, जत्रेत गोंदणारे आणि कबूतरबाज यांचे सर्व चित्रीकरण नजीरचाचांचा मुलगा तनवीर याला. पुण्याच्या त्या दिग्दर्शकाला एकही तुकडा देऊ नये. माझी कबुतरे त्याने स्वतःच्या नावावर दाखवली आणि शेवटच्या पाटीवर ‘धुळ्याच्या एका मुलाचे आभार’ मानले. मला नाव आहे. वर लिहिले आहे.

४. देहाबद्दल. कबूतरबाजांत नियम असा की, दुसऱ्याच्या गच्चीवर उतरलेले कबूतर त्या गच्चीवाल्याचेच होऊन जाते. मात्र मालक दिवस मावळायच्या आत स्वतः जिना चढून आला, तर परत देतात. माणूस पाठवला तर देत नाहीत. चाचा म्हणतात, “मालक लेवाले उना ते देई टाकानं. भांडानं नही.”

हा नियम मी हौसेने वडिलांना सांगितला होता. ते म्हणाले, “मग तू उतरलास ना त्यांच्या गच्चीवर? आता तिथलाच दाणा खा.” त्याला चार वर्षे झाली. त्यांचे गुडघे दुखतात, असे मोतीलाल सांगतात. पालीताण्याच्या जैन तीर्थाच्या हजारो पायऱ्या ते दरवर्षी चढतात.

तरी माझा देह दवाखान्यातून माझ्या खोलीत आणावा. जिना अरुंद आहे, उचलणाऱ्यांनी माफ करावे. जामनेरला फोन एकदाच करावा, विनवणी करू नये. मोतीलाल आले तर चहा द्यावा, देह देऊ नये. कोणीच आले नाही, तर दिवस मावळताना शेजारच्या वनाभाऊंनी मला पांझरेकाठी अग्नी द्यावा. हसीनाबी चाचींनी त्या दिवशीही कबुतरांच्या ढाबळीत बाजरी टाकावी.

वडील स्वतः आले व त्यांनी मागितले, तर चाचांनी मागचे काही न काढता मला त्यांच्या हवाली करावे. आधी पाणी विचारावे. ते उकळून गार केलेले पितात, आणि अंधार पडल्यावर घेत नाहीत. म्हणून ते सकाळीच उकळून ठेवावे, आणि दिवस मावळेपर्यंत जिन्याचे दार उघडे ठेवावे.

सही: अर्हम इंदरचंद छाजेड

साक्षीदार (यांना या मृत्युपत्रातून काही मिळत नाही, म्हणूनच निवडले):
१. वना चुडामण पाटील, शेजारी
२. शाहबाज नूरमहंमद शेख, कबुतरांच्या शर्यतीतील पंच

देवपूर, धुळे. रविवार, १२ जानेवारी २०२५